देश म्हणून आपली सगळ्यात मोठी चूक कुठली? (फाळणी सोडून बोला)

तवंदीघाट

परवा आईला घेऊन बँकेत गेलो होतो, पेन्शनच्या हयातीच्या दाखल्यासाठी. आईचं वय आता शहात्तर. काऊंटरवरचा पोरगा नवीन, बाहेरच्या राज्यातला, बिचाऱ्याला ना कन्नड येत ना मराठी. आई सही करते पण सावकाश करते, एकेक अक्षर कोरल्यागत, अक्षर झालं की पेन उचलून बघते आणि मग पुढचं. मागं लाईन लागलेली. पोरानं शाईचं पॅड पुढं सरकवलं आणि म्हणाला, अंगूठा लगा दो अम्मा. आईनं पॅड एका बोटानं बाजूला सारलं आणि राहिलेली सही पूर्ण केली. दोन-तीन मिनटं गेली असतील, मागचे लोक चुळबूळ करत होते पण कुणी काय बोललं नाही.

आई दुसरी शिकलीय. दुसरी पण अर्धी. "अप्पांनी काढलं शाळेतनं" एवढंच ती सांगते, माझे आजोबा म्हणजे. मग तंबाखूचे शेंडे खुडायला, मग वखारीत, मग लग्न झाल्यावर विड्या वळायला. निपाणी भागातल्या त्या वयाच्या बायकांची ष्टोरी थोड्याफार फरकानं हीच.

आता मुद्दा. पंधरा ऑगस्ट आला, एक नोव्हेंबर आला की सगळ्या ग्रुपवर देशाच्या चुकांची यादी फिरते, काश्मीर, चीन, लायसन्स राज, आणीबाणी. त्या यादीत एक गोष्ट मला कधीच दिसत नाही. घटनेच्या कलम ४५ मध्ये लिहिलं होतं की घटना लागू झाल्यापासून दहा वर्षांच्या आत चौदा वर्षांपर्यंतच्या सगळ्या पोरांना मोफत आणि सक्तीचं शिक्षण द्यायचा प्रयत्न सरकार करेल. दहा वर्षं म्हणजे १९६०. त्या कायद्याला मुहूर्त लागला २००९ मध्ये, लागू झाला १ एप्रिल २०१० ला. पन्नास वर्षं लेट. घरात लाईट बिल दोन महिने लेट झालं तर फ्यूज काढून नेतात.

माझं मत, १९६० ची ती तारीख हुकली ही आपली सगळ्यात मोठी चूक, बाकीच्या निम्म्या चुका तिच्या पोटातल्या. शिव्या नंतर घाला, आधी वाचा.

सडेतोड

सरळ नाव घ्या की, नेहरू. आयआयट्या काढल्या, धरणं बांधली, पंचशील केलं आणि खेड्यातल्या शाळेला छप्पर नाही. विषय संपला.

पुण्यात_अडकलेला

सडेतोड भाऊ तुमचा विषय धागा सुरू व्हायच्या आधीच संपलेला असतो 😄

तवंदीघाट

@सडेतोड, नेहरूंना सूट द्यायला मी काय बसलेलो नाही. पहिल्या पंचवार्षिक योजनेत शिक्षणाला ठेवलेल्या पैशातला निम्म्याहून जास्त वाटा प्राथमिकला होता, दुसऱ्या योजनेत तो एक तृतीयांशाच्या आसपास आला आणि नंतरही वर चढला नाही. पैसा वर कॉलेजांकडं गेला. १९५१ च्या जनगणनेत साक्षरता १८ टक्के, बायकांची ९ सुद्धा नाही, आणि तेव्हा आपण प्राधान्यक्रम असा लावला. हे नेहरूंच्या काळातलंच आहे, कबूल.

पण त्याच्या आधीचं पण बघा. गोखल्यांनी १९११ ला सक्तीच्या प्राथमिक शिक्षणाचं बिल आणलं, पुढच्या वर्षी ते १३ विरुद्ध ३८ मतांनी पडलं. तेव्हा इंग्रज होते म्हणू या. मग घटना करताना हा मुद्दा आधी मूलभूत हक्कांत घालायचा घाटत होता, तो उचलून मार्गदर्शक तत्त्वांत टाकला, म्हणजे कोर्टात भांडता येणार नाही अशा खोलीत. आणि घटना समितीत कुणीतरी सुचवलं की चौदा कशाला, अकरा वर्षांपर्यंत ठेवा की. आंबेडकरांनी ते मानलं नाही. त्यांचं म्हणणं साधं होतं, चौदाच्या खालच्या पोराला कामाला ठेवायला दुसऱ्या कलमानं बंदी आहे, मग अकराव्या वर्षी शाळा सुटलेलं पोरगं तीन वर्षं जाणार कुठं?

आमच्याकडं कुठं गेलं ते मी सांगतो. वखारीत गेलं.

कसोटीचा_दगड

शाळेचं ठीक आहे पण चूक म्हणजे नुसतं न करणं नव्हे, नको ते करणं पण. मी शहापूरचा (बेळगाव शहापूर, ठाण्याचं नव्हे, दरवेळी सांगावं लागतंय). आमचं घर सोनाराचं. चीनची लढाई झाल्यावर सरकारला वाटलं लोकांचं सोन्याचं वेड कमी करायला पाहिजे, परकीय चलन वाचेल, स्मगलिंग थांबेल. १९६३ च्या जानेवारीत नियम आला, नवीन दागिना १४ कॅरेटच्या वर करायचा नाही.

आता ज्याला सोनारकाम माहीत नाही त्याला हे कळणार नाही. १४ कॅरेट म्हणजे चोवीस भागात दहा भाग हिण. ते ठोकलं तर चिरतं, रंग लालसर येतो, आमच्याकडं बोरमाळेचा मणी वळायचा तर सोनं मऊ लागतं. आजोबा म्हणायचे ते सोनं हातात बोलायचंच नाही. आणि गिऱ्हाईक तरी का घेईल? मंगळसूत्राची वाटी १४ कॅरेटची करून कुठली आई पोरीच्या गळ्यात घालेल? बंदी कागदावर, मागणी जागच्या जागी, मग काय होणार ते झालं. मोठे होते ते लायसन घेऊन, आडून पाडून तरले, आणि जो नुसता कारागीर, दुसऱ्याचं सोनं घडवून मजुरीवर जगणारा, तो उघड्यावर आला. तेव्हा देशभर सोनारांच्या आत्महत्यांच्या बातम्या आल्यात. आमच्या गल्लीतले दोघं हातातली फुंकणी ठेवून एक पानपट्टीत बसला आणि एक मुंबईला गेला तो आलाच नाही.

१४ कॅरेटची अट १९६६ ला ढिली केली, १९६८ ला परत कायदा, तो रद्द झाला १९९० ला. स्मगलिंग थांबलं का? हिंदी पिक्चर बघितला असेल तर उत्तर माहीत आहे.

सडेतोड

हे तेव्हाचे अर्थमंत्री मोरारजींचं, नेहरूंचं नव्हे, बघा मी प्रामाणिक आहे.

अथणी_एक्सप्रेस

नमस्कार, मी कन्नड घरातला, मराठी शेजाऱ्यांकडं आणि मिरजेत कॉलेज करून शिकलो, चुकलं तर सांभाळून घ्या. या ग्रुपवर मी फक्त वाचतो, आज लिहितो.

तुम्ही सगळे देशाच्या चुका म्हणताय आणि शेवटी गाडी सीमाप्रश्नावर येणार हे मला माहीत आहे म्हणून आधीच बोलतो. मराठी शाळेला शिक्षक नाही, परिपत्रक कन्नडमध्ये येतंय, हे खरं आहे, मी डोळ्यानं बघितलंय. पण महाराष्ट्रातल्या जत तालुक्यात कन्नड शाळांचं काय चाललंय ते पण बघून या. माझ्या मावशीचं गाव तिकडं. कन्नड शाळेवर मराठी डीएड झालेले मास्तर येतात, बिचारे पोरांना "कुतको" (बस) म्हणायला शिकतात तोवर बदली. दोन्ही सरकारं दुसऱ्या बाजूच्या अल्पसंख्याकासाठी रडतात आणि स्वतःच्या घरातल्याला उपाशी ठेवतात. आमचे आजोबा म्हणायचे, सवतीच्या पोराला ताप आला की दोघी डॉक्टरकडं पळतात, आपापल्या पोराला पळवत नाहीत. (मराठीत नीट उतरलं का माहीत नाही.)

पुण्यात_अडकलेला

उतरलं. लागलं पण.

मलप्रभाकाठ

अथणी, तुम्ही बोललात ते बरं केलंत.

मी वेगळंच सांगते. मी सौंदत्तीच्या बाजूला बऱ्याच वर्षांपासून बायकांच्या कामात आहे. यल्लम्माच्या नावानं पोरी सोडायची, देवदासी करायची पद्धत तुम्हा सगळ्यांना माहीतच आहे. मुंबई इलाख्यात १९३४ ला कायदा झाला, देवदासीनं केलेलं लग्न कायदेशीर ठरवणारा. मग कर्नाटकचा १९८२ चा कायदा, पोरगी सोडली तर शिक्षा, आणि सोडणारे आईबाप असतील तर शिक्षा आणखी जास्त. वाचायला छान वाटतं. पण झालं काय, डोंगरावर उघड होत होतं ते बंद झालं आणि रात्री गावातल्याच देवळात, नाहीतर घरातल्या परडीपुढं, पाच माणसांत उरकायला लागले. आणि तक्रार कोण करणार? पोरीनं आईला जेलात घालायचं? म्हणजे कायद्यानं ज्या एका बाईनं तोंड उघडायला पाहिजे तिचंच तोंड शिवलं.

मग सर्वे झाले, १९९३-९४ ला एक आणि २००७-०८ ला एक. त्या यादीत नाव असेल तर पेन्शन, घर, कर्ज. यादीत का नाही म्हणून माझ्याकडं आलेली एक आक्का, तिचं उत्तर ऐका. सर्वेवाले आले त्या आठवड्यात ती ऊसतोडीला गेली होती. बास. एका आठवड्याच्या ऊसतोडीवर पुढचं सगळं आयुष्य. तिच्या पोराच्या शाळेच्या दाखल्यावर बापाच्या नावाच्या जागी मामाचं नाव आहे, कारण मास्तरांनी सांगितलं, रकाना मोकळा सोडता येत नाही.

मला चुका मोठ्या माणसांच्या वाटतच नाहीत. रकान्यांच्या वाटतात.

कसोटीचा_दगड

ताई 🙏

सडेतोड

हे सगळं भावनिक आहे, पण कायदा करायचा नाही तर काय करायचं मग? १९८२ ला कायदा केला नसता तर आज तुम्हीच म्हणाला असता सरकार झोपलं होतं.

मलप्रभाकाठ

कायदा करू नका म्हणालेच नाही मी. परत वाचा. सावकाश वाचा, तवंदीघाट यांच्या आई सही करतात तसं.

पुण्यात_अडकलेला

😂😂 सडेतोड, आज लवकर झोपा.

मास्तर_निवृत्त

चर्चा चांगली चालली आहे. मी सीमाभागात पस्तीस-छत्तीस वर्षे प्राथमिक शाळांवर काढली, शेवटची बारा निपाणीच्या आसपास. टायपिंग हळू आहे, नातवाने बोलून टाईप करायचं शिकवलंय पण ते "पट" म्हटलं की "पाट" लिहितं, म्हणून हातानेच लिहितो.

तवंदीघाट यांच्या मुद्द्याला पुरवणी. सक्तीचं शिक्षण आपल्याला जमण्यासारखं नव्हतं, देश गरीब होता, असं नेहमी सांगितलं जातं. कोल्हापूर संस्थानाने १९१७ साली केलं. पोरगं शाळेत पाठवलं नाही तर पालकाला महिन्याला एक रुपया दंड. तेव्हाचा एक रुपया म्हणजे थट्टा नव्हे. आणि कोल्हापूर म्हणजे लांब कुठे नाही, रायबाग हे कोल्हापूर संस्थानातच होतं, १९४९ ला विलीनीकरण झाल्यावर बेळगाव जिल्ह्यात आलं. शहापूर तेव्हा सांगलीकरांचं. आपला भाग म्हणजे ठिगळांची गोधडी होता, एका गावाला दंड आणि ओढा ओलांडला की नाही. शाहू महाराजांनी सगळं साधलं असं नाही, पण इच्छा असली की एका संस्थानाच्या तिजोरीतूनही सुरुवात होते एवढं तर दिसतं.

दुसरं, १९४९ ला प्रांतांच्या शिक्षणमंत्र्यांची परिषद झाली, तिथे ठरलं की ज्या पोरांची मातृभाषा राज्याच्या भाषेहून वेगळी आहे अशी एका वर्गात १० किंवा पूर्ण शाळेत ४० असतील तर त्या भाषेचा शिक्षक द्यायचा. नंतर १९५६ च्या दुरुस्तीने घटनेत ३५० अ कलम आलं, मातृभाषेतून प्राथमिक शिक्षणाची सोय करावी म्हणून. नियम चांगल्या मनाने केलेला. पण दहा म्हणजे दहा. मी नऊवर अडकलेला वर्ग बघितला आहे. जूनमध्ये अकरा पोरं, दिवाळीनंतर दोन मेंढरामागे गेली, राहिली नऊ. साहेब आले, मोजली आणि गेले. नवव्या पोराला कसं सांगायचं की तू मोजण्यात आहेस पण पुरेसा नाहीस.

अथणी_एक्सप्रेस

मास्तर, जतलाही हेच चालतं.

सडेतोड

आता सीमाप्रश्न आलाच आहे तर होऊन जाऊ दे. राज्य पुनर्रचना आयोग, १९५५ चा रिपोर्ट. म्हणे जिल्हा हा घटक धरला, जिल्हा तोडायचा नाही. मग बेळगाव जिल्ह्यातलं चंदगड तेवढं तोडून मुंबई राज्याला कसं दिलं? तोडायचं नव्हतं तर चंदगड पण ठेवायचं, तोडायचंच होतं तर खानापूर, बेळगाव, निपाणी का नाही? हे मला आजपर्यंत एकानेही समजावून सांगितलेलं नाही.

तवंदीघाट

पहिल्यांदाच सडेतोडशी शंभर टक्के सहमत. जाहीर करतोय.

अथणी_एक्सप्रेस

प्रश्न बरोबर आहे. उत्तर माझ्याकडं पण नाही. पण मग महाजन आयोगाचं १९६७ चं पण सांगा की, त्यात २६४ गावं महाराष्ट्राला आणि २४७ कर्नाटकाला द्यायची होती, निपाणी, खानापूर तिकडं, जत, अक्कलकोट, दक्षिण सोलापूर इकडं, बेळगाव इथंच. आयोग महाराष्ट्रानंच मागितला होता, सेनापती बापट उपोषणाला बसले होते त्यासाठी, आणि रिपोर्ट आल्यावर महाराष्ट्रानंच नाकारला. नाकारायला कारणं असतील, पण पंच नेमून पंचाला शिव्या असं आमच्याकडं म्हणतात.

सडेतोड

त्या पंचाने काय निकष लावले ते वाचा आधी. खेडं हा घटक, सलग हद्द आणि लोकांची इच्छा, साधी मागणी होती. केस २००४ पासून सुप्रीम कोर्टात आहे. दावा टाकला त्या साली जन्मलेलं पोरगं आता मतदान करतंय.

पुण्यात_अडकलेला

आणि ते पोरगं इंग्लिश मिडियममधून शिकलेलं. बोलू का खरं? मी बेळगावात वाढलो, एक नोव्हेंबरच्या काळ्या दिनाच्या फेरीत बाबांच्या खांद्यावर बसून गेलोय. आमच्या गल्लीतला फेरीत सगळ्यात पुढं असणारा काका, त्याची दोन्ही पोरं कॉन्व्हेंटला. त्याच दिवशी कर्नाटक राज्योत्सवाला लाल-पिवळा झेंडा लावून गाडी फिरवणारा माझा मित्र, त्याची पोरगी पण त्याच कॉन्व्हेंटला, एकाच व्हॅनमधून जायची. भांडण शाळेच्या बोर्डावर काय लिहायचं यावर, आणि शाळेत कुणीच नाही. मी कोण बोलणारा म्हणा, माझी पोरगी पुण्यात राहून "आज्जी, मला चपाती नको, बोअर होतं" म्हणते.

कसोटीचा_दगड

चपाती बोअर होते 😂 तिला मांडे खायला घाल, बेळगावला आण.

मलप्रभाकाठ

इंग्लिश मिडियमला घालणाऱ्याला दोष देऊ नका हो. माझ्याकडं येणारी प्रत्येक बाई पहिलं हेच विचारते, इंग्लिश शाळेत फुकट ॲडमिशन कुठं मिळेल. तिला कन्नड-मराठीचं देणंघेणं नाही. पोरांना आपल्यासारखं होऊ द्यायचं नाही एवढं तिला कळतंय.

तवंदीघाट

बरोबर आहे ताई. मी पण पोराला इंग्लिशला घातलाय, लपवत नाही. पण बघा ना, १९६० पर्यंत गावोगाव धड शाळा उभ्या राहिल्या असत्या, दोन्ही भाषेच्या, तर आज ही पळापळ झाली असती का? माझा मुद्दा तोच आहे, मूळ तिथं आहे. १९८१ ला निपाणीत तंबाखू शेतकऱ्यांवर गोळीबार झाला, सहा एप्रिलला, बारा माणसं गेली. व्यापारी माल घेताना वजनात, प्रतवारीत, कटतीत काय काय करायचे ते त्या वेळचे म्हातारे सांगतात. चिठ्ठीवर काय लिहिलंय ते वाचता येत नसलेला माणूस कसा लुटला जातो ते आमच्या घरात तरी माहीत आहे, आजोबांनी अशा चिठ्ठ्या पत्र्याच्या डब्यात जपून ठेवलेल्या, बोद (तंबाखूचे गठ्ठे) किती, भाव किती, कापलं किती, आणि त्यांना त्यातलं एक अक्षर लागत नव्हतं. शेजारच्या पोराकडनं वाचून घ्यायचे. शेतकऱ्याला भाव मिळाला नाही ही वेगळी चूक आणि शाळा नव्हती ही वेगळी, असं नाही ते.

सडेतोड

प्रत्येक गोष्टीचं उत्तर शाळा हे पण जरा अति होतंय. आणीबाणीत नसबंदी केली ती करणारे सगळे शिकलेलेच होते की.

मास्तर_निवृत्त

सडेतोड यांनी विषय काढला म्हणून लिहितो, नाहीतर लिहिणार नव्हतो.

कुटुंब नियोजनाचा सरकारी कार्यक्रम आपल्याकडे १९५२ पासून, जगात आपण पहिले. हेतूत खोट नव्हती. पण १९७६-७७ या एका वर्षात देशात ८० लाखांहून जास्त शस्त्रक्रिया झाल्या. शेजारी महाराष्ट्राने तर तिसऱ्या मुलानंतर सक्तीचा कायदाच दोन्ही सभागृहांत पास केला होता, राष्ट्रपतींची सही झाली नाही म्हणून राहिला. आपण उत्तरेकडची, दिल्लीची तुर्कमान गेटची गोष्ट सांगतो आणि आपल्याकडे काही नव्हतं असं धरून चालतो.

मी तेव्हा सव्वीस वर्षांचा, नोकरीला तीन वर्षे झालेली, लग्न ठरलेलं. शिक्षकांना केसेसचं टार्गेट होतं. कागदावर कुणी लिहून दिलं नाही, पण दोन केस आणल्याशिवाय पगारबिलावर सही होत नव्हती. शिक्षक का, तर गावातली घरं आम्हाला माहीत, आणि लोक मास्तराचं ऐकतात म्हणून. ज्या विश्वासावर पोरी शाळेत येत होत्या तोच विश्वास आम्हाला तिकडे वापरायला लावला.

पहिली केस खरी होती, चार पोरांचा बाप, स्वतःहून आला. दुसरी मिळेना. मार्चअखेर जवळ आली. एक म्हातारा होता, बायको वारलेली, मुलगा मुंबईला गिरणीत. वय साठीच्या पुढेच. त्याला पैशाची गरज होती, मला पगाराची. कॅम्पला सायकलवर डबलसीट नेला. फॉर्म मी भरला, कारण त्याला लिहिता येत नव्हतं. वयाच्या रकान्यात मी ४२ लिहिलं. डॉक्टरांनी फॉर्म बघितला, म्हाताऱ्याकडे बघितलं, माझ्याकडे बघितलं आणि "पुढे" म्हणाले. परत येताना सायकलवर बसवत नव्हतं त्याला, तीन मैल चालत आणला, मी सायकल हातात धरून शेजारी. तो काहीच बोलला नाही, एकदाच म्हणाला, "मास्तर, बेचाळीस म्हणजे लई धाकटा केलासा मला."

तर सडेतोड, तुमचं म्हणणं बरोबर आहे. शिकलेल्यांनीच केलं.

कसोटीचा_दगड

मास्तर…

अथणी_एक्सप्रेस

माझे वडीलपण शिक्षक होते, त्याच वर्षी. त्यांनी कधी सांगितलं नाही. आज विचारायला ते नाहीत.

सडेतोड

मी माझी वरची कॉमेंट मागं घेत नाही, पण तुमच्यासाठी नव्हती ती मास्तर. माफ करा.

मास्तर_निवृत्त

माफी कसली. लिहून बरं वाटलं.

तवंदीघाट

मास्तर, तुमचं वाचून काल रात्री झोप नाही आली. एक काम सांगू का? तुम्ही शेवटची बारा वर्षं आमच्याच भागात होता म्हणालात. आईची शाळा म्हणजे गावातली मुलींची शाळा, एकशिक्षकी, ती पुढं मोठ्या शाळेत मिसळली. तिचं जुनं जनरल रजिस्टर कुठं असेल? आईच्या जन्मतारखेचा पुरावा नाही म्हणून एका कामात अडलंय, म्हटलं निघालं तर बघू. गावाचं नाव मेसेजमध्ये टाकतो.

मास्तर_निवृत्त

मिसळलेल्या शाळांची रजिस्टरं मोठ्या शाळेच्या कपाटात असतात, उंदरांनी ठेवली असतील तर. आताचे हेडमास्तर माझ्या हाताखाली होते. सोमवारी जाऊन येतो.

पुण्यात_अडकलेला

(धागा वर आणतोय. सोमवार होऊन गेला, मास्तर काय झालं?)

मास्तर_निवृत्त

मिळालं. कापडी बांधणीचं, पहिली काही पानं गेलेली, पण बाईंची नोंद आहे. जन्मतारीख आहे, उताऱ्यासाठी अर्ज करा, हेडमास्तर देतील.

पण दुसरं एक सांगायचं आहे. तुम्ही लिहिलं होतं की आजोबांनी शाळेतून काढलं. रजिस्टरात "शाळा सोडल्याचे कारण" असा रकाना असतो. तुमच्या आईच्या नावापुढे तारीख आहे जुलै १९५७ ची. त्यांच्या वरच्या नावापुढे तीच तारीख. खालच्या नावापुढे तीच. मी पानं उलटून मोजली, तेवीस मुलींची नावं एकाच दिवशी कमी केली आहेत, लाल शाईने, आणि कारण एकच, पहिल्या नावापुढे पूर्ण लिहिलंय आणि खाली नुसती वरीलप्रमाणे म्हणून दोन टिंबं. "बाई मुंबई राज्यात गेल्या. बदली शिक्षिका नाही. वर्ग बंद."

नोव्हेंबर १९५६ ला राज्य बदललं, आपला भाग मुंबई राज्यातून म्हैसूर राज्यात गेला, सरकारी नोकरांच्या वाटण्या झाल्या, बऱ्याच जणांनी तिकडे मागून घेतलं, हे मी ऐकून होतो. बाईंचं घर तिकडे असेल, त्यांनाही दोष कसा द्यायचा. मुलींची शाळा वेगळी होती म्हणून मुलांच्या शाळेत त्या काळी कुणी पोरी पाठवल्या नसणार.

मलप्रभाकाठ

तेवीस.

तवंदीघाट

आत्ता आईला वाचून दाखवलं. दोनदा वाचायला लावलं. बराच वेळ गप्प बसली, तांदूळ निवडत होती ते ताट तसंच मांडीवर. मग म्हणाली, "म्हंजे अप्पांनी काढलं न्हवतं?" मी म्हटलं नाही. तर म्हणाली अप्पांनी कधी तसं सांगितलं पण नव्हतं म्हणा, सकाळी उठून दप्तर घेतलं तर ते म्हणाले आजपासनं जायचं नाही, एवढंच. मी समजले त्यांनीच काढलं. त्यांच्याशी मी वर्षभर नीट बोलले नव्हते.

आणि मग विचारलंन, त्या बाईंचं नाव काय लिहिलंय बघ की. नाव आठवत नाही म्हणाली, केसात अबोली घालायच्या तेवढं आठवतंय.

मास्तर_निवृत्त

नाव कुठेच स्वच्छ लिहिलेलं नाही. प्रत्येक पानाच्या खाली सही आहे, पण ती मोडीत आहे. मला मोडी वाचता येत नाही, आमच्या वेळेला बंद झाली होती.

कसोटीचा_दगड

फोटो टाका. आमच्या दुकानाच्या जुन्या कीर्द-खतावण्या मोडीतच आहेत, बाबांना येते वाचता. नजर कमी झालीय, पण भिंग लावून बघतील. जरा उजेडात धरून, सरळ काढा फोटो.